सारखे ऐकू येणारे इंग्रजी शब्द: कोशातला अर्थ, स्लँगमधला अर्थ आणि तपासायचा क्रम

‘द शो वॉज अ बॉम्ब’ आणि ‘द शो वॉज द बॉम्ब’. अमेरिकन माणसाच्या तोंडी पहिल्या वाक्यात कार्यक्रम सपशेल आपटला, दुसऱ्यात त्याने धमाल उडवली. कोशात नुसते ‘बॉम्ब’ शोधून पहिला अर्थ वाचला तर दोन्ही वाक्ये पोलिसांकडे नेण्यासारखी वाटतील.

कोश हाताशी असूनही माणसे इथे चुकतात, कारण क्रम चुकतो. शब्द कानावर पडतो, मनात पहिले येईल ते स्पेलिंग टाइप होते, कोशात वर दिसणारा अर्थ उचलला जातो आणि शब्द थेट ईमेलमध्ये जाऊन बसतो. प्रत्येक पायरीवर घसरायला जागा आहे, आणि एक घसरगुंडी दुसरीला झाकते. खालचा क्रम वाचायला लांब वाटेल; सवय झाली की एका शब्दाला पाच-सात मिनिटे पुरतात.

## तयारी: काय हाताशी हवे

शिकणाऱ्यांसाठीचा एकभाषी कोश. ऑक्सफर्ड, केंब्रिज, लाँगमन, कॉलिन्स यांपैकी कोणताही चालेल. ऑनलाइन आवृत्तीत ब्रिटिश आणि अमेरिकन असे दोन उच्चार ऐकता येतात, ते या कामाला फार लागतात. हे कोश सहसा आज जास्त वापरात असलेला अर्थ आधी देतात. मेरियम-वेबस्टर आणि मोठी ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरी यांत मात्र अर्थ कालक्रमाने लावलेले असतात, म्हणजे पहिला अर्थ सर्वांत जुना असतो. मोठ्या ऑक्सफर्डमध्ये ‘नाइस’ची नोंद ‘मूर्ख’ या अर्थापासून सुरू होते. ‘पहिला अर्थ तोच खरा’ ही सवय इथे तोंडघशी पाडते.

स्लँगचा (ठरावीक गटांच्या अनौपचारिक बोलीचा) वेगळा कोश. ग्रीन्स डिक्शनरी ऑफ स्लँग ऑनलाइन पाहता येते. तिथे प्रत्येक अर्थापुढे तो कुठे आणि कोणत्या वर्षी छापून आला याचे दाखले असतात. अर्बन डिक्शनरी कोणीही लिहितो आणि वाचक मते देतात. नवा शब्द तिथे आधी सापडतो हे खरे, पण चार मित्रांनी मस्करीत रचलेला अर्थही तिथेच सापडतो. तिथून धागा घ्यावा, निकाल घेऊ नये.

वही किंवा स्प्रेडशीट, सात रकान्यांची. ऐकलेले वाक्य, स्पेलिंग, शब्दाची जात, अर्थ, लेबल (शब्द कुठे चालतो हे सांगणारी कोशातली खूण), देश, शेजारचे शब्द.

इंग्रजी-मराठी कोश शेवटी उघडायचा. त्यात मराठी प्रतिशब्द चांगले मिळतात, पण शब्द सभ्य आहे की शिवराळ, चालू आहे की मोडीत निघालेला, हे बहुधा मिळत नाही. नेमके तेच आपल्याला हवे आहे.

## टप्पा १: अख्खे वाक्य टिपा

सुटा शब्द टिपला की काम अर्धे बिघडले. वाक्य पूर्ण लिहा, शक्य असेल तर आधीचे आणि नंतरचेही. शेजारी तीन गोष्टी नोंदवा: बोलणारा कुठला आहे, कोणाशी बोलतो आहे, आणि सूर कसा आहे (चिडलेला, चेष्टेचा की सरळ).

इंग्रजी अक्षरांत लिहिण्याची घाई करू नका. ऐकू आले तसे देवनागरीत लिहा. स्पेलिंग लिहिले की मन त्या स्पेलिंगला चिकटते आणि मग दुसरा शब्द डोळ्यांसमोर येतच नाही.

> सावधान: व्हिडिओखालची आपोआप उमटणारी अक्षरे पुरावा म्हणून धरू नका. तिथे यंत्रही कानानेच लिहिते आणि सारख्या ध्वनीच्या शब्दांत तेही गडबडते.

## टप्पा २: उच्चार नीट फोडा

देवनागरीत लिहिल्यावर आपले कान कुठे चुकतात ते तपासायचे. मराठी कानाच्या मोजक्या ठरलेल्या खोडी आहेत.

ह्रस्व-दीर्घ. मराठीत ‘वकील’चे ‘वकिलाला’ होते, ई आखडते, अर्थ तोच राहतो. म्हणून इ आणि ई यांवर अर्थ अवलंबून असतो याची कानाला सवयच नाही. इंग्रजीत तो अवलंबून असतो. ‘शिप’ म्हणजे जहाज, ‘शीप’ म्हणजे मेंढी. शिवाय चाहत्यांच्या बोलीत दोन पात्रांची जोडी जुळावी असे वाटणे यालाही ‘शिप करणे’ म्हणतात (तो ‘रिलेशनशिप’चा शेपटाकडचा तुकडा). ‘शीट’ आणि ‘बीच’ या दोन शब्दांतली ई आखडली की सरळ शिवी होते. बैठकीत ‘स्प्रेडशीट’ म्हणताना ई जरा ताणलेलीच बरी.

एकच ‘ए’, दोन कामे. ही खोड सर्वांत महागात पडते आणि तिच्याकडे लक्षही कमी जाते. चव घेऊन ‘टेस्ट छान आहे’ म्हणणारे आपण चाचणीलाही ‘टेस्ट’च म्हणतो. इंग्रजीत चाचणीतला ए आखूड असतो आणि चवीतला ‘एइ’ असा घसरत जातो. पेन आणि पेन (लेखणी आणि वेदना), सेल आणि सेल (विकणे आणि विक्री), वेट आणि वेट (ओला आणि थांबणे) या सगळ्या जोड्या देवनागरीत एकरूप होतात.

‘वेस्ट’ घ्या. हे एकच लेखन तीन इंग्रजी शब्दांना पुरते: पश्चिम, वाया घालवणे, कंबर. त्यातले शेवटचे दोन इंग्रजीतही हुबेहूब सारखे उच्चारले जातात, पश्चिमेचा ए आखूड. आता ‘वेस्टेड’ ऐकू आले तर शक्यता अशा: वाया गेलेले, आजाराने झिजलेले (हा अर्थ स्नायूंबद्दल वैद्यकीय लिखाणात भेटतो), कमरेत बसता शिवलेले, आणि स्लँगमध्ये नशेत तर्र. ‘आय वेस्टेड माय वीकेंड’ म्हणजे सुट्टी फुकट घालवली. ‘आय वॉज वेस्टेड ऑल वीकेंड’ म्हणजे दोन दिवस शुद्धीत नव्हतो. रजेवरून परतल्यावर साहेबांना दुसरे वाक्य सांगू नये.

व आणि व्ह. लिहिताना मराठीने फरक ठेवला आहे, जिभेने नाही. ‘व्हेस्ट’ वरच्या यादीत चौथा म्हणून घुसतो तो इथूनच. तो ब्रिटिश असेल तर बनियन, अमेरिकन असेल तर जाकीट.

स आणि झ. ‘लूस’ म्हणजे सैल, ‘लूझ’ म्हणजे हरवणे. ‘अडव्हाइस’ नाम, ‘अडव्हाइझ’ क्रियापद. इथे चूक बहुतेक वेळा लिहिताना होते: सैलमध्ये ओ दोन, हरवण्यात एक.

आघात. ‘डेझर्ट’मध्ये पहिल्या अवयवावर (एका दमात उच्चारल्या जाणाऱ्या तुकड्यावर) जोर असेल तर वाळवंट. दुसऱ्यावर असेल तर जेवणानंतरचे गोड, किंवा एखाद्याला सोडून जाणे. गोडात एस दोन, बाकी दोघांत एक. ‘पर्सनल’मध्ये जोर सुरुवातीला, ‘पर्सनेल’ म्हणजे कर्मचारीवर्ग, तिथे शेवटी.

थ-ट आणि द-ड या जोड्यांची काळजी आपल्याला फारशी नाही. ‘थॉट’ आणि ‘टॉट’ मराठी माणूस सहसा गोंधळत नाही.

> तपासणी: कोशातल्या उच्चारचिन्हांत स्वरानंतर विसर्गासारखे दोन ठिपके असतील तर तो स्वर दीर्घ. अवयवाच्या आधी वरच्या बाजूला छोटी उभी रेघ असेल तर जोर त्या अवयवावर. एवढ्या दोन खुणा ओळखता आल्या तरी या टप्प्याचे बरेचसे काम भागते.

## टप्पा ३: स्पेलिंगचे उमेदवार मांडा

एका ध्वनीला बसतील अशी सगळी स्पेलिंगे लिहा, मनाला पटलेले एकच नव्हे. मग वाक्यात त्या जागी नाम हवे, क्रियापद हवे की विशेषण, हे पाहून छाटणी करा. निम्मे उमेदवार इथेच गळतात.

‘अफेक्ट’ बहुतेक वेळा क्रियापद, ‘इफेक्ट’ बहुतेक वेळा नाम. ‘प्रिन्सिपल’च्या शेवटी पी-ए-एल असेल तर मुख्य किंवा मुख्याध्यापक, पी-एल-ई असेल तर तत्त्व, तत्त्व हा शब्द फक्त नाम म्हणूनच येतो. ‘प्रॅक्टिस’ ब्रिटिश पद्धतीत नाम असताना शेवटी सी-ई, क्रियापद असताना एस-ई. अमेरिकन दोन्हीकडे सी-ई लिहितात. ‘स्टेशनरी’मध्ये शेवटी ए-आर-वाय असेल तर स्थिर, ई-आर-वाय असेल तर कागद-पेनचे सामान. मधे ई असलेले ‘कॉम्प्लिमेंट’ म्हणजे पूरक असणे, आय असलेले म्हणजे कौतुक. आयवाल्याचेच ‘कॉम्प्लिमेंटरी’ झाले की त्याचा अर्थ फुकट असाही होतो. म्हणून ‘पूरक रंग’ लिहायचे असताना आय पडला की रंग फुकटात मिळतात.

स्लँगची यात वेगळी भर असते. कधी जुन्या शब्दाचे स्पेलिंग मुद्दाम मोडून नवा शब्द उभा राहतो. ‘फॅट’ एफने लिहिले तर लठ्ठ. पी-एच-ने लिहिले तर ‘एकदम झकास’. ‘वॅक’मध्ये डब्ल्यूनंतर एच असेल तर फटका मारणे, नसेल तर ‘अगदीच भिकार’. ‘सायक’ची गंमत आणखी: पी-एस-वाय-सी-एच असे लिहिले काय किंवा एस-आय-के-ई असे, उद्गार म्हणून दोन्हींचा अर्थ ‘कसा फसवला!’ पण ‘आय ॲम सायक्ड’ म्हणजे ‘मी जाम उत्सुक आहे’, आणि ‘सायको’ हा एखाद्यावर मारलेला शेरा.

> सावधान: संगणकाचा स्पेलचेक इथे बहुधा गप्प बसतो. त्याच्या लेखी दोन्ही स्पेलिंगे खरे शब्दच आहेत. लाल रेघ आली नाही म्हणजे शब्द बरोबर, हा समज या कामात सर्वांत आधी सोडायला हवा.

## टप्पा ४: नोंद पूर्ण वाचा

आता कोश. शब्दावर बारीक १, २, ३ असे अंक दिसले तर समजावे की स्पेलिंग एक असले तरी कोशकाराने त्यांना वेगळे शब्द मानले आहे, बहुधा मूळ वेगळे असल्यामुळे. पहिल्या अंकावर थांबू नका.

‘बेल’ (बी-ए-आय-एल) हे याचे चांगले उदाहरण. मोठ्या कोशांत याच्या वेगवेगळ्या नोंदी दिसतात: एक जामिनाची, एक क्रिकेटमधल्या यष्ट्यांवरच्या बेलची, एक होडीतले पाणी उपसण्याची. त्यातून पुढे फुटलेले अर्थ आणखी वेगळे.

दोन शब्द केवळ दिसायला नव्हे, तर अर्थानेही जवळ आले की काम नाजूक होते. ‘नार्क’ के-ने संपत असेल तर तो ब्रिटिश बोलीतला पोलिसांचा खबऱ्या. सी-ने संपत असेल तर अमेरिकन अमली पदार्थविरोधी अधिकारी, ‘नार्कोटिक्स’वरून. दोन्ही शब्द चुगलखोराला लावले जातात, त्यामुळे लिहिणाऱ्याला आपण चुकलो हे कळतही नाही.

याच्या उलट टोकाला ‘बूझी’. बी-ओ-यू-जी-आय-ई हे स्पेलिंग वैद्यकीय कोशात पाहिले तर शरीरातला अरुंद मार्ग रुंदावण्यासाठी किंवा तपासण्यासाठी वापरायची लवचीक सळी. स्लँगमध्ये तोच शब्द ‘बूर्ज्वा’वरून येतो आणि उच्चभ्रूपणाचा आव आणणाऱ्याला लावतात. शस्त्रक्रियेच्या लेखात आणि कपड्यांच्या व्हिडिओत तो एकाच स्पेलिंगने भेटेल, तरी संदर्भ पाहणारा इथे चुकत नाही.

‘ट्रोल’ तर आता मराठीच झाला आहे. कोशात त्याच्या दोन नोंदी आहेत: स्कँडिनेव्हियन लोककथांतला राक्षस, आणि चालत्या होडीमागे गळ ओढत मासे धरणे. ऑनलाइन डिवचण्याच्या अर्थात दुसरीची प्रतिमा आहे, गळ टाकून कोण अडकते ते बघणे. राक्षस मागून येऊन चिकटला. ‘ट्रॉल’ (टी-आर-ए-डब्ल्यू-एल) म्हणजे जाळे ओढणे, आणि त्यावरूनच कागदपत्रांचा ढीग चाळणे. जुन्या फायली चाळल्या असे सांगायचे असेल तर दुसरा शब्द घ्या. अमेरिकन लिखाणात पहिलाही या अर्थाने सापडतो, पण आज वाचणाऱ्याच्या मनात आधी डिवचणेच येते.

## टप्पा ५: लेबल वाचा, मगच अर्थ उतरवा

अर्थाच्या आधी बारीक तिरप्या अक्षरांत एखादा शब्द असतो. बहुतेकांची नजर त्यावरून घसरते. वहीत अर्थाचा रकाना भरण्याआधी लेबलचा भरायचा, असा नियमच ठेवा.

‘इन्फॉर्मल’ म्हणजे मित्रांत, घरात चालेल, अर्जात नको. ‘स्लँग’ म्हणजे ठरावीक गटाची बोली; गटाबाहेरच्याने वापरली तर ओढूनताणून वाटते. ‘व्हल्गर’ किंवा ‘टॅबू’ असेल तर अर्थ समजून घ्या आणि शब्द तिथेच ठेवा.

‘डेरोगेटरी’ आणि ‘ऑफेन्सिव्ह’ यांना लोक एकच समजतात. पहिल्यात बोलणाऱ्याला कमी लेखायचेच असते. दुसऱ्यात हेतू काहीही असो, ऐकणारा दुखावला जाण्याची शक्यता असते. म्हणजे ‘माझा तसा हेतू नव्हता’ ही सबब दुसऱ्या लेबलापुढे आधीच बाद झालेली आहे.

‘डेटेड’ म्हणजे जुन्या पिढीच्या तोंडी अजून असलेला, ‘आर्केइक’ म्हणजे रोजच्या वापरातून पार गेलेला.

> तपासणी: लेबल नसेल तर शब्द सर्वत्र चालतो असे साधारणपणे धरता येते. पण त्याच नोंदीतल्या तिसऱ्या-चौथ्या अर्थाला लेबल आहे का, तेही बघा. तुम्ही पहिल्या अर्थाने लिहिलेला शब्द समोरचा चौथ्या अर्थाने वाचू शकतो.

## टप्पा ६: देश आणि पिढी

‘रबर’ मागितला तर इंग्लंडमध्ये खोडरबर मिळेल. अमेरिकेत त्याचा बोलीतला अर्थ निरोध. तिथे ‘इरेझर’ म्हणावे. ‘पँट्स’ अमेरिकेत विजार, इंग्लंडमध्ये आतले कपडे, आणि ब्रिटिश स्लँगमध्ये ‘टुकार’. ‘पिस्ड’ हा इंग्लंडमध्ये टल्ली झालेला, अमेरिकेत संतापलेला. पुढे ‘ऑफ’ लागले की दोन्हीकडे संतापलेलाच. दोन्हीकडे तो असभ्यही आहे.

‘रूट’ दोन: मूळ आणि मार्ग. ब्रिटिश आणि ऑस्ट्रेलियन उच्चारात दोन्ही सारखे, तर अमेरिकेत मार्गाला ‘राउट’ म्हणणारेही बरेच. ‘आय ॲम रूटिंग फॉर यू’ हे अमेरिकनाकडून मिळालेले भाबडे प्रोत्साहन. ऑस्ट्रेलियन स्लँगमध्ये मात्र ‘रूट’ म्हणजे शरीरसंबंध. तिथे ‘बॅरॅक’ हे क्रियापद प्रोत्साहनासाठी वापरतात, आणि तेच ब्रिटिश इंग्रजीत खेळाडूची हुर्यो उडवण्यासाठी!

पिढीचे गणितही असेच उलटते. अमेरिकन खेळांच्या जुन्या बातम्यांत ‘गोट’ म्हणजे ज्याच्यामुळे सामना हरला तो बळीचा बकरा. ‘आजवरचा सर्वश्रेष्ठ’ या अर्थाच्या चार इंग्रजी शब्दांची आद्याक्षरे जुळवून तोच शब्द आता सर्वोच्च स्तुतीचा झाला आहे. जुनी बातमी वाचताना ही अदलाबदल लक्षात ठेवावी लागते. पी-एच-वाला ‘फॅट’ आज कोणी गंभीरपणे वापरला तर तो आपले वय सांगतो, तर ‘रिझ’ हा ऑक्सफर्डने २०२३ साठी निवडलेला वर्षाचा शब्द. ‘करिझ्मा’च्या पोटातून काढलेला. तो किती टिकेल यावर पैज लावू नये.

## टप्पा ७: शेजारचे शब्द पाहा

स्लँगमधला अर्थ शब्दात कमी आणि शेजाऱ्यांत जास्त असतो. सुरुवातीचा ‘बॉम्ब’ पुन्हा घेऊ. ‘अ बॉम्ब’ अमेरिकेत फजिती. ‘द बॉम्ब’ झकास. ‘इट बॉम्ब्ड’ आपटले. ‘वेंट लाइक अ बॉम्ब’ ब्रिटिश इंग्रजीत जोरात चालले. ‘कॉस्ट अ बॉम्ब’ खिशाला खड्डा पडला. पाच वाक्ये, तोच शब्द, आणि अर्थ ठरवणारे ‘अ’, ‘द’, ‘लाइक’, ‘कॉस्ट’. विमानतळावर यातले एकही वापरू नये हे वेगळे सांगायला नको.

‘सिक’चेही असेच. ‘दॅट्स सिक’ तरुण मुलाने डोळे मोठे करून म्हटले तर ‘कसलं भारी’, वयस्क माणसाने कपाळाला आठ्या घालून म्हटले तर ‘किळसवाणे’. शब्द तेच, शेजारीही तेच. इथे पहिल्या टप्प्यात टिपलेला सूरच निकाल देतो. ‘आय वॉज सिक’ म्हणजे ब्रिटिश कानाला बऱ्याचदा ‘मला उलटी झाली’.

या टप्प्याची कृती सोपी आहे. शब्द शेजाऱ्यांसह दुहेरी अवतरणचिन्हांत टाकून शोधा आणि पहिली दहा-बारा वाक्ये वाचा. जाहिराती आणि शिकवणीची पाने सोडून द्या. माणसांनी आपापसात लिहिलेली वाक्ये धरा. दहांपैकी सात-आठ वाक्यांत तुमचा अर्थ चपखल बसला तर पुढे जा. निम्म्यांत अडखळला तर टप्पा ३ वर परत. बहुधा स्पेलिंगच चुकलेले असते.

## टप्पा ८: वापरायचा की फक्त ओळखायचा

प्रत्येक शब्द वापरायला शिकायची गरज नाही. वहीतल्या शब्दापुढे ‘ओळख’ किंवा ‘वापर’ अशी खूण करा. माझ्या मते स्लँगचे दहातले नऊ शब्द ‘ओळख’ या खुणेखाली राहिले तर काही बिघडत नाही. समोरच्याने ‘नो कॅप’ म्हटले तर तो ‘फेकत नाहीये, खरं सांगतोय’ एवढे कळले की संवाद चालतो; उलट आपण कचेरीतल्या पत्रात ते लिहिले तर चालत नाही.

‘वापर’ची खूण करण्याआधी तीन वाक्ये स्वतः रचा: एक स्लँग अर्थाने, एक कोशातल्या मूळ अर्थाने, एक सारख्या ध्वनीच्या दुसऱ्या शब्दाने. तिन्ही अडखळल्याशिवाय जमली पाहिजेत. उदाहरणार्थ ‘स्ले’: छाप पाडली, ठार मारले, आणि एस-एल-ई-आय-जी-एच लिहिल्यास बर्फावरची घसरगाडी.

## एक शब्द शेवटपर्यंत

ऐकलेले वाक्य: ‘ही बेल्ड ऑन अस ॲट द लास्ट मिनिट.’ बोलणारी अमेरिकन, मैत्रिणीशी बोलते आहे, सूर वैतागलेला.

उच्चार फोडताना ए घसरता आहे, म्हणून घंटा बाद. उमेदवार दोन उरले: बी-ए-आय-एल आणि बी-ए-एल-ई. क्रियापद दोन्ही होतात. बी-ए-एल-ई म्हणजे गवताचे किंवा कापसाचे गठ्ठे बांधणे; ‘ऑन अस’ त्याच्यापुढे बसत नाही. पहिल्याच्या नोंदीत जामीन, यष्ट्या, पाणी उपसणे यांपलीकडे वाचत गेल्यावर ‘निघून जाणे, सोडून देणे’ हा अर्थ सापडतो, लेबल ‘इन्फॉर्मल’.

आता शेजारी. ‘बेल ऑन समवन’ म्हणजे ऐनवेळी टांग देणे. ‘बेल समवन आउट’ म्हणजे त्याला जामिनावर किंवा अडचणीतून सोडवणे. एक संकटात टाकतो, दुसरा बाहेर काढतो, मधे फक्त ‘ऑन’ आणि ‘आउट’. विमानातून उडी मारण्याच्या ‘बेल आउट’साठी ब्रिटिश लिखाणात बी-ए-एल-ई हे स्पेलिंगही दिसते, ते चूक म्हणून खोडू नका.

वहीतला मराठी अर्थ: ‘टांग दिली’. ‘दगा दिला’ लिहिले तर वजन वाढते. मूळ वाक्यात वैताग आहे, विश्वासघात नाही.

## वारंवार होणाऱ्या चुका

मराठी वाक्प्रचारावरून अर्थ लावणे. ‘सॉल्टी’ ऐकून ‘खार खाणारा’ आठवणे साहजिक आहे, कारण ‘खार’ म्हटले की खारट आठवते. पण खार खाणे म्हणजे मनात आकस धरणे, तो दीर्घकाळ टिकतो. ‘सॉल्टी’ म्हणजे हरल्यावर किंवा टोमणा बसल्यावर आलेली तात्पुरती चिडचिड. ‘खट्टू’ किंवा ‘फणकारलेला’ जास्त जवळ जातो.

मराठीत आलेल्या इंग्रजी शब्दावर विसंबणे. आपला ‘फ्लेक्स’ म्हणजे रस्त्यावरचा फलक. इंग्रजीत स्नायू आवळणे, आणि स्लँगमध्ये शायनिंग मारणे. सी-के-एस लावलेला ‘फ्लेक्स’ आणखी निराळा: बारीक ठिपके.

स्पेलिंगवरून उच्चार ठरवणे. सी-एच-आय-सी हा शब्द ‘चिक’ नाही, ‘शीक’: नीटस, आजच्या ढंगाचा. सी-एच-आय-सी-के हा ‘चिक’: कोंबडीचे पिल्लू, आणि मुलीला लावला तर आज अनेकांना हलका वाटणारा शब्द. ‘चीक’ म्हणजे गाल, तसेच आगाऊपणा. एखादीच्या पेहरावाचे कौतुक करताना पहिला शब्द दुसऱ्यासारखा उच्चारला तर कौतुक अंगाशी येते.

वाक्प्रचारात सोपे स्पेलिंग घुसवणे. ‘स्नीक पीक’मध्ये डबल ई, पर्वतशिखर नको. ‘टो द लाइन’मध्ये पायाचे बोट, गाडी ओढणे नव्हे. ‘फ्री रेन’मध्ये घोड्याचा लगाम, राज्यही नाही आणि पाऊसही नाही. ‘बेअर विथ मी’मध्ये अस्वलाचे स्पेलिंगच बरोबर, दुसरे लिहिले तर समोरच्याला कपडे उतरवायचे आमंत्रण जाते.

नोंद एकदा करून विसरणे. कोशातल्या शब्दांची नोंद वर्षानुवर्षे टिकते, स्लँगची नाही. ‘वापर’ अशी खूण असलेले शब्द वर्षातून एकदा टप्पा ५ आणि ७ मधून पुन्हा काढा. लेबल बदलले असेल, ‘डेटेड’ लागले असेल किंवा ताज्या वाक्यांत शब्द थट्टेपुरताच उरला असेल, तर खूण खोडून ‘ओळख’ लिहा; तारीखही टाका.